ह्यू टारबेटची आई

३ डिसें., बुध.

मंजूर! भोपाळच्या आपल्या मराठी मंडळाच्या व्याख्यानमालेचं शेवटचं पुष्प माझं. रवि. २८, संध्या. ६. विषय: ह्यू टारबेट. जन्म आपल्या शेजारच्या सिहोरचा, रग्बी खेळला स्कॉटलंडच्या राष्ट्रीय संघाकडून, काळ एकोणिसावं शतक. कार्यकारिणीतल्या निम्म्यांना रग्बी म्हणजे काय तेच ठाऊक नव्हतं. एकाने विचारलं, "घोड्यावर बसून खेळतात, तेच ना?" म्हटलं, नाही हो, ते पोलो. हे एकमेकांच्या अंगावर बसून खेळतात.

मोठे भाऊजी अध्यक्ष आहेत म्हणून विषय पास झाला, असं जाऊबाई फोनवर ऐकवून गेल्या. म्हणू देत. सगळी नोकरी शाळेच्या मैदानावर शिट्टी फुंकण्यात गेली माझी. रिटायर झाल्यावर माईक मिळतोय, तो मी सोडणार नाही.

ह्यांना सांगितलं तर पेपरातून मान वर न काढता म्हणाले, "गुडघ्याचं काय? दीड तास उभी राहशील?" राहीन की. ह्यू मोडलेल्या हाताने मॅच पुरी खेळलाय.

५ डिसें., शुक्र.

बालपण लिहायला घेतलं. बाप स्कॉटिश, सिहोरच्या छावणीत डॉक्टरच्या हाताखाली. आई? चर्चमधल्या नोंदीत 'इथली बाई' एवढंच. नाव नाही, जात नाही, गाव नाही. पोर आठ-नऊ वर्षांचं झाल्यावर बापाने त्याला बोटीत बसवून काकाकडे धाडलं. तिकडे थंडी, ओट्सची लापशी, आणि शाळेत सगळ्यांपेक्षा सावळा रंग.

आई त्याला पोचवायला कुठपर्यंत गेली? माहीत नाही. तिने नंतर काय केलं? माहीत नाही. त्याला तिची भाषा आठवत होती का? माहीत नाही. हे म्हणाले, "अगं, व्याख्यानात इतकी 'माहीत नाही' चालत नाहीत. लोक उठून जातात." मी म्हटलं, जाऊ देत, दार उघडंच असतं.

पण खरं सांगायचं तर लिहिताना मलाही टोचतं. त्या बाईच्या जागी नुसतं भोक आहे, आणि ह्यूबद्दल काहीही लिहायला गेलं की पाय त्यातच जातो.

७ डिसें., रवि.

सकाळी शाहपुऱ्याला मोठ्या भाऊजींकडे. पोहे, जलेबी, वर तो त्यांचा मीठ घातलेला सुलेमानी चहा, जो मला इतक्या वर्षांत आवडलेला नाही. पिते आपली.

फोटो दाखवायला नेला होता. स्कॉटलंडचा संघ, सगळे मिशाळ गडी हाताची घडी घालून, ह्यू मागच्या रांगेत टोकाला. भाऊजींनी भिंग आणलं. बराच वेळ बघितलं. मग एकदम म्हणाले,

"सुधा, डोळे बघ. घारे आहेत. हा कोकणस्थ आहे!"

मला वाटलं थट्टा. थट्टा कसली, डोळ्यांत पाणी आलं होतं त्यांच्या.

म्हटलं, "अहो भाऊजी, बाप स्कॉटिश आहे त्याचा! घाऱ्या डोळ्यांसाठी चिपळूणला जायला नको. आणि फोटो काळा-पांढरा आहे."

ते काही ऐकेनात. उज्जैन शिंद्यांचं, ग्वाल्हेर शिंद्यांचं, सिहोर उज्जैनपासून जवळच. फौजेबरोबर मराठी बायका आल्या असणारच. तेव्हा ह्यूची आई मराठी. झालं! दोन जलेब्यांमध्ये सगळा इतिहास उरकला. जाऊबाई म्हणाल्या, "नाकही आपल्यासारखंच आहे." नाक रग्बीत मोडलेलं आहे त्याचं, हे मी सांगितलं नाही. सांगून उपयोग नव्हता.

निघताना भाऊजी, अगदी सहज: "तेवढं व्याख्यानात येऊ दे. आई मराठी होती म्हणून."

"पुरावा?"

"पुरावा तू शोधत बस. लोकांना अभिमान वाटला पाहिजे."

८ डिसें., सोम.

रात्रभर चरफडले. आमच्या मराठी लोकांना परमुलखात राहून ही काय खोड लागते कळत नाही. कुणी मोठा माणूस दिसला की त्याची आजी तरी साताऱ्याची काढायची. टीव्हीवर कुणी शास्त्रज्ञ दिसो, आमच्या इंद्रपुरीच्या गल्लीत पहिला प्रश्न, "आपल्यातला आहे का हो?" आपल्यातला नसला की चॅनेल बदलला.

हे म्हणतात, "एक वाक्य तर आहे. घाल की. दादाला बरं वाटेल."

"तुमच्या दादाला बरं वाटावं म्हणून मी एका मेलेल्या बाईचं गोत्र ठरवू?"

हे शब्दकोडं घेऊन गच्चीत गेले. वाद आला की ह्यांना ऊन लागतं.

१२ डिसें., शुक्र.

कारखान्याच्या मैदानावर. रुखसाना मुलींना रग्बी शिकवते तिथे. माझी शाळेतली विद्यार्थिनी, आठवीत असताना कबड्डीत माझा दात हलवलेली. तिला म्हटलं, जुनी स्क्रम, म्हणजे दोन्ही संघांची चेंडूसाठीची ती झुंड, कशी असेल ते दाखव. आज तिन्ही रांगा शिस्तीत वाकून एकमेकींत अडकतात. ह्यूच्या वेळी तसं नव्हतं. पुढचे सगळे गडी जवळजवळ उभेच भिडायचे, चेंडू मध्ये कुठेतरी पायात, आणि ढकलाढकली. ज्याचा श्वास आधी संपेल तो मागे. चेंडू म्हणजे चामड्याच्या आत डुकराचं मूत्राशय, तेही तोंडाने फुगवलेलं. मुलींनी "छी मॅडम!" म्हणून कानांवर हात ठेवले.

मग करून बघितलं त्यांनी. दहा मिनिटांत धूळ, शिव्या, हसू. रुखसाना बाहेर आली ती धापा टाकत: "मॅडम, इसमें ना, दिमाग कुछ काम नहीं आता. बस हटना नहीं है."

हेच. ह्यूचं सगळं करिअर या एका वाक्यात आलं. तो पळणारा, चमकणारा खेळाडू नव्हताच. पुढच्या रांगेतला. न हटणारा. इंग्लंडविरुद्धच्या मॅचमध्ये हाताचं हाड मोडलं, तेव्हा बदली खेळाडू नावाची गोष्टच नव्हती, तो तसाच ढकलत राहिला. पेपरवाल्यांनी ट्राय करणाऱ्याचं, म्हणजे चेंडू रेषेपलीकडे टेकवणाऱ्याचं नाव छापलं. ढकलणाऱ्याचं कोण छापतो?

१४ डिसें., रवि.

आज तो भाग लिहिला, ज्याच्यासाठी मी या माणसाच्या मागे लागले.

ह्यू आपल्या क्लबचा कप्तान व्हायचा होता. खेळाने झालाच असता. पण क्लबात बड्या घरची मंडळी. त्यांना तो सावळा रंग खुपत होता, आणि तो चांगला खेळतो हेही नाकारता येत नव्हतं. मग चिटणिसाने तोड काढली. ह्यूने फक्त एवढं म्हणायचं की त्याची आई पोर्तुगीज होती, गोव्याकडची, चांगल्या घराण्यातली. कुणी तपासायला जाणार नव्हतं. सगळ्यांची सोय.

ह्यू म्हणाला, नाही. त्याच्या एका सोबत्याने म्हातारपणी गावच्या पेपरात आठवणी लिहिल्या, त्यात आहे हे. ह्यूने भाषण वगैरे केलं नाही. नाही म्हणाला आणि बूट काढायला बसला. कप्तान दुसरा झाला. पुढच्या मोसमात राष्ट्रीय संघातूनही नाव गेलं. थोड्याच वर्षांत तो परत इकडे, रेल्वेलाइन टाकणाऱ्यांच्यात नोकरीला. सिहोरलाच तापाने गेला. थडग्याच्या दगडावर लिहिलंय की स्कॉटलंडकडून फुटबॉल खेळला. तेव्हा रग्बीलाही फुटबॉलच म्हणत.

परत आला तो आईला शोधायला का? माहीत नाही. लिहिणार नाही.

लिहून झाल्यावर स्वयंपाकघरात जाऊन उगीच भांडी घासली. जोरात.

१६ डिसें., मंगळ.

निमंत्रणपत्रिका आली. वाचा आणि थंड व्हा:

'पुष्प चौथे. भोपाळचा मराठी रग्बीवीर. वक्त्या: सौ. सुधा केळकर.'

मराठी! रग्बीवीर! वीर काय, तो काय लढाईवर गेला होता? आणि भोपाळचा कुठला, सिहोरचा! कपाळ माझं.

भाऊजींना फोन.

"विषय बदललात तुम्ही."

"विषय तोच आहे. मथळा आकर्षक केला."

"मी हे बोलणार नाही."

"मग काय बोलणार?"

"जे आहे ते."

मग हसले. त्यांचं ते बँकेच्या मॅनेजरचं हसू. "बोल ना, तुला हवं ते बोल. अध्यक्षीय समारोप माझा आहे."

आणि फोन ठेवला.

बरोबर बोलले. आमच्या मंडळात अध्यक्षीय समारोपानंतर वक्त्याने उठायचं नसतं. मंडळ स्थापन झालं तेव्हापासूनची रीत आहे ही. वक्ता दीड तास काहीही बोलो, शेवटची पाच मिनिटं अध्यक्षांची, मग आभार, मग चहा. लोक घरी जाताना अध्यक्षांचं वाक्य घेऊन जातात. म्हणजे मी बोलायचं, आणि शेवटी ह्यूच्या आईला लुगडं भाऊजी नेसवणार. नऊवारी!

१८ डिसें., गुरु.

महाराणा प्रताप नगरातून एका पेपरच्या मुलीचा फोन. पत्रिका कुणीतरी तिला पाठवली. हिंदीत: "मॅडम, वो मराठी कनेक्शन के बारे में बताइए." म्हटलं, कनेक्शन काही नाही. "मतलब?" मतलब माँ का नाम किसी को नहीं पता. ती लगेच: "तो फिर स्टोरी क्या है?"

स्टोरी हीच आहे गं बाई, म्हणावंसं वाटलं. म्हटलं नाही. छापायचं तर सिहोरचा म्हणून छापा, एवढं सांगितलं. ती "जी जी" म्हणाली. त्या 'जी जी'ची मला गॅरंटी वाटत नाही.

गल्लीत मात्र माझा भाव वाढलाय. दूधवाल्याकडे रांगेत साठेबाईंनी हात धरला, "किती अभिमानाची गोष्ट हो!" ज्या साठेबाई माझ्या ट्रॅकपँटवरून इतकी वर्षं नाक मुरडत आल्या, त्या. मी "अजून नक्की नाही" असं काहीतरी पुटपुटले. त्यांनी ऐकलंच नाही. दुधाची पिशवी घेऊन घरी येईपर्यंत मला गोड वाटत होतं, हे इथे लिहून ठेवते. इथे तरी खोटं कशाला?

आणि मलाही वाटतं ना! ती मराठी असती तर? 'बाळा' म्हणून हाक मारली असती त्याला. इथल्या थंडीत उकडीचं काहीतरी करून घातलं असतं. मला काय नको आहे का? पण मला हवं आहे म्हणून ते होत नाही.

२० डिसें., शनि.

हे म्हणाले, "तू एवढी का पेटलीस? खरं कारण सांग."

सांगितलं. कबड्डी खेळायला पुण्यात मावशीकडे राहिले होते ना लग्नाआधी. तिथल्या मुली मला 'हिंदीवाली' म्हणायच्या. माझं मराठी ऐकून हसायच्या. मी 'पाणी भरून ठेव' ऐवजी 'पाणी भरके ठेव' म्हणाले होते एकदा, तेवढं पुरलं. निवड झाली नाही. तिथल्या शिकवणाऱ्या ताईंनी समजावलं, आपल्या भागातल्या मुलींना आधी. बरं. इकडे आले, राज्याच्या संघाची चाचणी दिली, खेळले झकास. तर निवड करणारे साहेब म्हणाले, "आप तो महाराष्ट्रियन हैं, वहीं से खेलिए ना."

खेळले मग राज्याकडून, दोन वर्षांनी, भांडून. पण त्या दोन वर्षांत मी कुणाची होते? कुणाचीच नाही. आणि प्रत्येकजण मला सांगत होता की थोडं इकडचं तोंड कर किंवा थोडं तिकडचं, म्हणजे सोपं जाईल.

ह्यूने तोंड फिरवलं नाही. म्हणून पेटले.

ह्यांनी संध्याकाळी गुडघ्याला लावायचं मलम स्वतः जाऊन आणलं.

२३ डिसें., मंगळ.

भाऊजी घरी आले. एकटे. दुपारी, जेवणानंतर. म्हणजे भांडायलाच. ह्यांनी लगेच गच्चीकडे बघितलं. मी म्हटलं, बसा इथेच.

मी त्यांना पोर्तुगीजवाली हकीकत वाचून दाखवली. आतापर्यंत सांगितली नव्हती, व्याख्यानासाठी राखून ठेवली होती. म्हटलं, "बघा, त्या क्लबनेही त्याच्याकडे हेच मागितलं होतं. सोयीची आई. त्याने दिली नाही. आता आपण त्याच्या मागे ती चिकटवायची?"

भाऊजी वकिलासारखे बसून ऐकत होते. म्हणाले,

"पोर्तुगीज खोटं होतं, सुधा. मराठी खरं असू शकतं."

अडकले मी. खरंच अडकले. असू शकतं. काहीही असू शकतं.

मग ते एकदम मऊ झाले. मला ते जास्त जड जातं. म्हणाले, "तुला कळत नाही, मी काय बघतोय ते. मागच्या व्याख्यानाला समोर कोण होतं? मी, जोशी, आणि चहावाला. मुलं बेंगळुरूला. नातवंडं फोनवर मला 'दादाजी' म्हणतात. हॉल लग्नाला भाड्याने द्या म्हणतात कार्यकारिणीत. हे सगळं आमच्या बापांनी उभं केलं. आज आम्ही इथे कोण आहोत, म्हणून काय दाखवायचं लोकांना? एक माणूस सापडला. जगाच्या टोकाला जाऊन खेळला. आपला आहे म्हटलं तर काय बिघडलं?"

ह्या माणसाने माझ्या नोकरीच्या वेळी सासूबाईंशी भांडण घेतलं होतं. 'सुधा मैदानावर जाणार' असं घरात पहिल्यांदा म्हणणारे हेच.

मी म्हटलं, "भाऊजी, तो आपला आहेच. सिहोरचा आहे, म्हणून आपला. आपणही इथलेच ना आता? त्यासाठी त्याची आई मराठी कशाला हवी?"

"इथला म्हणून आपला? मग मंडळ कशाला हवं?"

ह्यांनी मध्येच विचारलं, चहा टाकू का? आयुष्यात पहिल्यांदा विचारलं.

२५ डिसें., गुरु.

नाताळ. शाळेला सुट्टी म्हणून रुखसानाच्या मुली सकाळपासून मैदानावर.

भाऊजींचा फोन. तडजोड. "एक शब्द घाल. 'बहुधा'. आई बहुधा मराठी असावी. कुणी पकडू शकत नाही. तुझंही खरं राहतं, माझंही."

किती छोटा शब्द! किती सोयीचा! आमची सगळी व्याख्यानं, सगळी गावगन्ना संशोधनं या एका 'बहुधा'वर उभी असतात.

घातला. खरंच घातला. वाक्य वाचून बघितलं, कानाला छान लागलं. ह्यांना वाचून दाखवलं, ते म्हणाले, "हं, आता कसं सगळं जमलं." जमलंच. भाऊजी खूश, गल्ली खूश, हॉल भरला, मीही भली.

मग जेवायला बसले, ती अर्ध्यातून उठून ते वाक्य पुन्हा वाचलं. डोंबलाचं जमलं!

२७ डिसें., शनि.

'बहुधा' खोडला. पान नवीन लिहिलं, खोडलेलं दिसू नये म्हणून.

भाऊजींना कळवलं नाही. कळवलं असतं तर त्यांनी तयारी केली असती. माझ्या मनात आज कुणाबद्दल दयामाया नाही, हेही लिहून ठेवते. रुखसानाला सांगितलं, मुलींना घेऊन ये. "मॅडम, मराठी में होगा ना?" हो. समजेल तितकं समज. बाकीचं मी सांगेन नंतर.

२९ डिसें., सोम.

काल झालं. आता शांतपणे लिहायचा प्रयत्न करते.

हॉल गच्च. मी पंधरा वर्षांत इतकी माणसं बघितली नाहीत तिथे. सगळी त्या 'मराठी'साठी आलेली, पेपरातल्या बातमीसह. ('जी जी'वालीने 'मराठी माँ का स्कॉटिश शेर' छापलं. शेर! जाऊ दे.) बाहेरून खुर्च्या आणाव्या लागल्या. भाऊजींचा चेहरा असा फुललेला की मला क्षणभर वाटलं, सोड सुधा, काय घेऊन बसलीस.

परिचय करून देताना ते 'मराठी रग्बीवीर' दोनदा म्हणाले. मी उठले. माईक खाली घेतला, भाऊजींची उंची जास्त. म्हटलं,

"अध्यक्षांनी आत्ता जे सांगितलं, ते मला माहीत नाही. मला जे माहीत आहे ते सांगते."

पहिल्या रांगेत साठेबाईंची पर्स पडली.

पुढे मात्र मजा आली. जुनी स्क्रम दाखवायला कार्यकारिणीतले चौघं स्टेजवर बोलावले, जोशींना मध्ये उभं केलं, रुखसानाच्या दोन मुली समोरून. पडले नाहीत, धोतर सुटता सुटता राहिलं. हॉल खदखदून हसला. मोडलेल्या हाताची मॅच ऐकताना एकदम गप्प. आणि पोर्तुगीज आई सांगितली तेव्हा मागून कुणीतरी "शाब्बास!" म्हणालं. ह्यूला. मी तिथेच थांबले. त्याच्या आईचं नाव कुणाला माहीत नाही, आणि ते तसंच राहू द्यायला पाहिजे, कारण मुलाने त्या रिकाम्या जागेसाठी कप्तानपद सोडलं. एवढं बोलून बसले. टाळ्या बऱ्या पडल्या. गुडघा ठणकत होता.

मग समारोप.

भाऊजी छान बोलतात. खेळाबद्दल बोलले, जिद्दीबद्दल बोलले, माझं कौतुक केलं, अगदी मनापासून. आणि शेवटी, हात जोडून: "आमच्या वक्त्या फार प्रामाणिक आहेत. पण मोडलेल्या हाताने लढणं, आणि आपल्या आईला नाकारायचं नाही म्हणून सिंहासन सोडणं, हे संस्कार कुठल्या मातीतले, कुठल्या आईचे, ते मी तुम्हाला सांगायला हवं का?"

काय टाळ्या! संध्याकाळभरात पडल्या नव्हत्या तशा. साठेबाई डोळे पुसत होत्या. मी दीड तास उभी राहून सांगितलेलं पाच मिनिटांत पुसलं गेलं, आणि पुसलं तेही त्याच्याच हट्टाची गोष्ट वापरून!

जोशी आभाराची चिठ्ठी घेऊन माईककडे निघाले. मी उठले. ह्यांनी पदर धरला माझा, खरंच धरला, खाली बस म्हणून. मी सोडवून घेतला.

"थांबा जोशी."

समारोपानंतर वक्त्या उठल्या, हे लोकांना कळायलाच वेळ लागला. मी म्हटलं:

"टाळ्या ह्यूसाठी असतील तर ठेवा. त्याच्या आईसाठी असतील तर परत घ्या. ती कोण होती, आपल्याला माहीत नाही. नवऱ्याने तिचं नाव लिहिलं नाही. मुलाच्या क्लबला ती बदलून हवी होती. आज आपल्यालाही ती बदलून हवी आहे, फक्त आपण प्रेमाने मागतोय. मुलगा नाही म्हणाला होता. मीही नाही म्हणते."

आणि बसले. हात मांडीखाली घातले.

कुणी टाळी वाजवली नाही. एकानेही नाही. रुखसाना मागे उभी राहिली होती, पण काय चाललंय ते तिला पुरतं कळलं नव्हतं. जोशींनी आभार मानले: अध्यक्षांचे, कार्यकारिणीचे, माईकवाल्याचे, चहावाल्याचे. गडबडीत माझं नाव राहून गेलं.

चहाच्या वेळी माझ्याभोवती मोकळी जागा. पेला घेऊन उभी होते तर भाऊजी आले. मफलर गुंडाळत. चेहरा राखेसारखा झाला होता.

"समारोपाला उत्तर द्यायचं नसतं, सुधा. आजपर्यंत कुणी दिलं नाही."

"माहीत आहे."

"मग?"

"तिच्या बाजूने दुसरं कोण उठणार होतं, भाऊजी?"

ते ह्यांच्या खांद्यावर हात ठेवून गाडीकडे गेले. हे सोडायला गेले त्यांना; परत आले. मग म्हणाले, "तू बरोबर होतीस. पण आजच उठायला हवं होतंस का?" आजच उठायला हवं होतं. उद्या हॉल रिकामा असता.

३० डिसें., मंगळ.

येत्या रविवारचं वार्षिक कुळाचाराचं जेवण भाऊजींकडे असतं. निरोप आलेला नाही. मी विचारणार नाही.

सकाळी जाऊबाईंचा फोन, हळू आवाजात, बाथरूममधून बहुतेक. "तुझ्याशी बोलू नको म्हणालेत, म्हणून बोलतेय." बोला. "कालपासून कागद पुढ्यात घेऊन बसलेत. मंडळाच्या अंकात व्याख्यानाचा वृत्तान्त त्यांनाच लिहायचा असतो ना."

"काय लिहितायत?"

"काही नाही गं. पहिली ओळ लिहितात आणि खोडतात. 'सिहोरच्या'पर्यंत येतात, पुढे 'मराठी' लिहितात, खोडतात. परत लिहितात. मी विचारलं तर अंगावर आले."

"आता कागदावर काय आहे?"

थांब बघते, म्हणाल्या. चपलांचा आवाज गेला, आला.

"आता लिहिलेलं आहे. हाताखाली झाकलंय, दिसत नाही."

म्हटलं, असू दे. छापून आल्यावर वाचीन. चुकीचं असलं तर पुढच्या वर्षी परत उभी राहीन.